खुनी कोण, हे मला विचारा

मी कोट बोलतोय. टीव्हीवरच्या त्या म्हाताऱ्या गुप्तहेराचा राखाडी, जाड लोकरीचा कोट. तुम्ही मला ओळखता. जेवणाची ताटं मांडीवर घेऊन तुम्ही मला वर्षानुवर्षं पाहिलंत. आज जरा ऐकाही. गोड बोलेन अशी आशा मात्र ठेवू नका, माझं डोकं फिरलेलं आहे. आता कोटाला कुठलं डोकं, असं विचारू नका. ज्यांना डोकी होती त्यांनी काय दिवे लावले, तेच तर सांगायचं आहे.

माझा जन्म स्टुडिओच्या कपडेपटात झाला. तिथल्या शिवणकाम करणाऱ्या मावशींनी मला बेतलं. मालिका जुन्या, गाजलेल्या रहस्यकथांवरची होती. लेखक कधीच वारलेला, पण पुस्तकं घराघरांत. पुस्तकातला गुप्तहेर जाडा, थकलेला, दम लागणारा. त्याचा कोट अंगापेक्षा मोठा, खिसे लोंबलेले. मावशींनी मला मुद्दाम ढगळ शिवलं, नव्या कापडावर दगड घासून कोपरं झिजवली. जन्मतःच म्हातारा झालेला माझ्यासारखा दुसरा कोट नसेल!

मला अंगावर घेतलं ते काकांनी. सगळा स्टुडिओ त्यांना काकाच म्हणायचा. नाटकात आयुष्य गेलेला माणूस. पहिल्या दिवशी त्यांनी माझ्या खिशात हात घातले, आरशासमोर एक उसासा टाकला, आणि तो गुप्तहेर जिवंत झाला.

या गुप्तहेराची एक रीत होती. तो खुन्याकडे कधी बोट दाखवत नसे. शेवटी सगळ्यांना एका खोलीत बसवायचा, आपली खुर्ची ओढत ओढत खुन्याशेजारी न्यायचा आणि हळूच म्हणायचा, "आता पुढचं तुम्हीच सांगा." बस! काका ती खुर्ची ओढायचे तेव्हा दिवे धरणारी माणसंसुद्धा श्वास रोखायची. मला किती अभिमान वाटायचा म्हणून सांगू!

पण दुधात मिठाचा खडा पडायला वेळ लागत नाही. मालिका चालली तशी साहेबांना, म्हणजे निर्मात्याला, भूक सुटली. म्हाताऱ्या गुप्तहेराच्या हाती पिस्तूल आलं. दम लागणारा माणूस गच्चीवरून उड्या मारू लागला. उड्या दुसराच कोणी मारायचा, पण फाटायचो मी! मावशी रफू करता करता पुटपुटायच्या, "पुस्तक वाचलंय का यांच्यापैकी कोणी?" मी गिळून गप्प बसलो. लोकांची करमणूक होते ना, म्हटलं, होऊ दे.

मग त्या लेखकाची सगळ्यांत गाजलेली कादंबरी आली. त्यात खून करतो तो घरचा मालक, गावानं डोक्यावर घेतलेला डॉक्टर. संशय मात्र सगळ्यांचा मोलकरणीवर. आणि गुप्तहेर खुर्ची ओढत तिच्यापर्यंत येतो, तिला ओलांडतो आणि डॉक्टरशेजारी जाऊन बसतो. अख्ख्या कादंबरीचा जीव त्या चार पावलांत आहे.

साहेब म्हणाले, "खुनी बदला."

"म्हणजे?" काकांनी विचारलं.

"मोलकरीणच खुनी. जाहिराती दवाखानेवाल्यांच्या आहेत, डॉक्टर खुनी कसा चालेल? आणि या वेळी खुर्चीबिर्ची नको. सरळ बोट दाखवायचं. लोकांना कळलं पाहिजे."

"अहो, मग गोष्टीत उरलं काय?"

"प्रेक्षक उरले ना काका! मालिका त्यांच्यासाठीच असते."

दिग्दर्शक शेजारीच उभा होता. तो नुसता मान डोलावत राहिला. नंदीबैल परवडला, तो निदान शिंगं तरी रोखतो.

मोलकरणीचं काम करणारी नटी छोट्या छोट्या भूमिकांवर पोट भरणारी होती. सगळे तिला ताई म्हणायचे. दुपारच्या सुट्टीत ती काकांजवळ येऊन बसली.

"काका, माझी आई अजून लोकांकडे धुणीभांडी करते. कुणाचं काही हरवलं की आधी तिची पिशवी उलटी करतात. ही मालिका ती एकही भाग न चुकवता बघते. म्हणते, तो कोटवाला माणूस कधी गरिबावर आळ घेत नाही."

काकांच्या छातीवर मी होतो. आतली धडधड मला ऐकू आली.

चित्रीकरण सुरू झालं. काका उठले. माझी उजवी बाही वर जाऊ लागली, आणि मध्येच थांबली. त्यांनी खुर्ची धरली, ताईला ओलांडलं आणि डॉक्टर झालेल्या नटाशेजारी जाऊन बसले. "आता पुढचं तुम्हीच सांगा."

"कट!" दिग्दर्शक ओरडला. पुन्हा घेतलं. काका पुन्हा तिथेच जाऊन बसले.

साहेब तरातरा आत आले. "काका, बोट दाखवायचं नसेल तर दरवाजा तिकडे आहे."

"दरवाजा मला दिसतोय," काका म्हणाले. "तुम्ही मात्र डोळे असून आंधळे." त्यांनी मला उतरवलं, खांदे नीट जुळवून घडी केली, मावशींच्या हातात दिलं आणि सदऱ्यावरच निघून गेले. त्या भरल्या खोलीत ताईखेरीज कोणी उठून उभं राहिलं नाही.

नवा गुप्तहेर आला तो तरणाबांड, पिळदार. त्याला मी ढगळ झालो. साहेबांनी मला कापायचा हुकूम सोडला. मावशींनी कात्री हातात घेतली तेव्हा त्यांचा चेहरा लाल झाला होता. "माणूस बदलला तर नवा कोट शिवावा," त्या म्हणाल्या, "जुन्याची चामडी कसली सोलता?" कोण ऐकतो! माझ्या बगला आवळल्या, लांबी कापली, खिसे छाटले, कोपरं नवी केली.

आणि त्याच बाहीतून बोट उगारलं गेलं. ताईवर. ती रडली, किंचाळली, पोटासाठी सगळं केलं. साहेबांनी टाळ्या वाजवल्या. अस्तनीतला निखारा म्हणतात ना, तो खोटा असतो हो! खरा निखारा असता तर त्या दिवशी मी स्वतःला जाळून घेतलं असतं.

भाग दाखवला गेला. त्यानंतर ताई कपडेपटात आली ती मावशींच्या गळ्यातच पडली.

"आई काम करते त्या घरच्या बाईंनी दुसऱ्याच दिवशी कपाटाला कुलूप घातलं. हसत हसत हो! म्हणाल्या, काल पाहिलंस ना टीव्हीवर? तुझं तसं नाही, पण आपली काळजी घेतलेली बरी."

"मग आईनं काय केलं?"

"हातातली कढई अर्धी घासलेली होती, ती तशीच ठेवली आणि चालत घरी आली. माझ्याशी दोन दिवस बोलली नाही."

ऐकलंत? ज्या बाईनं आयुष्यात कुणाचा सुतळीचा तोडाही नेला नाही, तिच्यावर मी आळ घेतला. साहेबांना त्या भागासाठी बक्षीस मिळालं.

काका आता एका वाचनालयात दुपारी तीच पुस्तकं मोठ्यानं वाचून दाखवतात. मावशी सांगत होत्या, ऐकायला फार माणसं नसतात. ताई मात्र आईला घेऊन गेली. काकांनी ती कादंबरी शेवटपर्यंत वाचली, एक ओळही न बदलता. डॉक्टरचं नाव आलं तेव्हा म्हातारी पुढच्या बाकावरून मोठ्यानं म्हणाली, "मला ठाऊकच होतं!" आणि मग उठेपर्यंत लेकीचा हात धरून बसली.

मी स्टुडिओच्या दारात काचेच्या कपाटात उभा आहे. लोक येतात, माझ्याबरोबर हसून फोटो काढतात. कोणी विचारत नाही, हा कोट इतका आखूड का.

माझ्याकडे एक बरी बातमी आहे. मला लोकर खाणारी कसर लागली आहे. उजव्या बाहीपासूनच सुरुवात झाली आहे, मनगटाशी दोन भोकं पडलीत. मावशींच्या ते लक्षात आलं, पण त्या कुणाला बोलल्या नाहीत. तुम्हाला दिसलं तर तुम्हीही बोलू नका. आणि कृपा करून कपाटात डांबराच्या गोळ्या ठेवू नका. तिला पोटभर खाऊ द्या.