उलटवायची राहिलेली ओळ

वर्षभर जेन्सन स्वतःवर चित्रपट करत होता आणि त्यात तो स्वतः कुठेच नव्हता. आगाशीच्या वाडीतली विहीर होती, चाफा होता. केळी सोलून त्यांची सुकेळी वाळत घालणारी त्याची आई उर्सुला तर सोळा तासांच्या चित्रणात होती. एरवी तो गोखिवऱ्याच्या स्टुडिओत लोकांच्या लग्नांचे व्हिडिओ करी. कोपऱ्यात उभं राहून कुणाच्या नजरेला न येण्याची तिथली कला त्याने स्वतःच्या चित्रपटातही निष्ठेने पाळली होती. अखेर महोत्सवाच्या निवड समितीने कळवलं : केळी अप्रतिम आहेत, पण आपण कुठे आहात? आपलं एक तरी दृश्य हवं, शुक्रवारी सहापर्यंत.

शुक्रवारचे चार वाजले होते.

बांबूच्या मांडवावर अंथरलेल्या चटईवर सोललेली राजेळी केळी ओळीने पहुडली होती. ती रोज उलटवायची, ऊन कललं की टोपलीत भरून घरात न्यायची, सकाळी पुन्हा मांडायची; तेव्हा कुठे आठवडाभराने त्यांना मधाचा रंग चढतो. जेन्सन कॅमेऱ्यासमोर उभा राहिला, खाकरला आणि चौदाव्यांदा म्हणाला, "मी कोण आहे?"

"हिलरी गोम्सांचा धाकटा," मांडवापलीकडून उर्सुला म्हणाली. "चर्चमध्ये फादरांच्या बाप्तिस्म्याच्या वहीत लिहिलंय. त्यासाठी कॅमेरा कशाला?"

"आई! तुझा आवाज येतोय त्यात."

"येऊ दे. वर्षभर 'कॅमेऱ्याकडे बघू नको, बघू नको' ऐकून मान आखडली माझी. आता तोंडही शिवू? आणि ही पुढची ओळ दोन दिवस उलटवू दिली नाहीस, रात्री घरातही नेऊ दिली नाहीस. काय ते तुझं..."

"कंटिन्युइटी. आधीच्या दृश्यात ती तशीच होती."

"केळ्यांना सांग ते. खालून आंबायला लागलीत. ये, तुझी ओळ तूच उलटव."

जेन्सन मांडवाशी गेला. केळी चटईला घट्ट चिकटली होती. दोनतीन सोडवेपर्यंत त्याची बोटंही एकमेकांना चिकटली.

"कॅमेरा बंद कर ना, आई. बॅटरी जाईल."

गाऊनला हात पुसत उर्सुला कॅमेऱ्यामागे गेली आणि तिथेच थांबली.

"जेन्सू, पप्पांच्या मयतीला तू फोटो काढत होतास."

"टिफनीला दुबईहून येता आलं नाही. ताईला दाखवायला नकोत?"

"एकशे बारा आहेत. सगळं गाव आहे त्यात. शेजारच्या सिप्रियनचा कुत्रासुद्धा आहे. तू नाहीस."

जेन्सनने आणखी एक केळं सोडवलं. वरून सोनेरी, खालून अजून ओलं.

"कॅमेरा होता म्हणून उभा राहिलो," तो त्या केळ्यालाच म्हणाला. "खाली ठेवला असता, तर पप्पांना नेऊच दिलं नसतं मी."

ओली बाजू वर करून त्याने ते चटईवर ठेवलं. मग त्याने मान वर केली. कॅमेऱ्याचा लाल दिवा सुरूच होता आणि त्यामागे आईने एक डोळा मिटला होता, अगदी त्याच्यासारखाच.

"बंद नाही केलास?"

"नाही."

त्याचे कान तापले. नाक वाहत होतं, केस विस्कटलेले होते, चौदा वेळा घोकलेलं एकही वाक्य जागेवर नव्हतं. कॅमेरा जेमतेम तीन पावलांवर होता. त्याने एक पाऊल उचललंही.

"कॅमेऱ्याकडे बघू नको," उर्सुला म्हणाली. "अर्धी ओळ राहिलीय अजून."

जेन्सनने खांद्याला नाक पुसलं, पाऊल मागे घेतलं आणि पुढचं केळं उलटवलं.