बावीस, पूर्ण

डोंगरात माणसं घेऊन जायची तर दोन जण कामाचे लागतात. एक सगळ्यात पुढे, त्याला लीड म्हणतात. एक सगळ्यात मागे, तो टेल. पुढच्याचे फोटो निघतात. मागच्याचं काम एकच, आपल्या मागे कोणाला राहू द्यायचं नाही.

कोपरचा यज्ञेश दोन वर्षं टेल होता. सोमवार ते शनिवार ठाण्यात एका कुरियरच्या गोडाऊनमध्ये पार्सल स्कॅन करायचा आणि रविवारी डोंबिवलीच्या ग्रुपबरोबर डोंगर. त्याची आई आवडाबाई दर रविवारी डबा भरता भरता तेच बोलायची, "काय परलंय रं त्या डोंगरान? आपल्याला पानी कलतं, डोंगर कलत नाय." यज्ञेश हसून डबा उचलायचा. खाडीकाठच्या कोळ्याच्या पोराने ग्रुप घेऊन घाट चढायचा, ही गोष्ट त्याने मनात एकदम पक्की धरलेली. आणि आता ती होणार होती. ग्रुप चालवणाऱ्या प्रफुल्लने सांगून ठेवलेलं, "हा रविवार नीट काढ. पुढच्या महिन्याचा ट्रेक तू लीड कर."

हा रविवार म्हणजे मिठाची वाट. मुरबाडच्या पुढे, कुडाच्या वाडीतून सुरू होते, मध्ये आंबेमाळ नावाचं दहा-बारा घरांचं गाव लागतं, मग खिंड, मग कातळात खोदलेल्या पायऱ्या आणि वर पठार. कल्याणच्या बंदरातलं मीठ दोन हजार वर्षांपूर्वी याच वाटेने देशावर जायचं, असं प्रफुल्ल बसमध्ये सांगायचा. लोक ऐकायचे, मग झोपायचे. आल्या वाटेनेच संध्याकाळी खाली यायचं.

एकूण माणसं बावीस. प्रफुल्ल आणि यज्ञेश सोडून. सगळ्यांना पोपटी टीशर्ट. रंग असा की दोन डोंगर पलीकडून दिसावा. पाठीवर ग्रुपचं नाव आणि खाली साल. दरवर्षी थोडे उरायचे, ते प्रफुल्ल गावांमध्ये वाटून टाकायचा. चांगलंच काम होतं ते, त्याला कोण काय बोलणार.

आंबेमाळला रंगूबाईच्या पडवीत जेवण झालं. नाचणीची भाकरी, पिठलं, ठेचा. निघायच्या वेळी ग्रुपमधल्या नीलच्या बुटाचा सोल निघाला. पूर्ण नाही, पुढून तोंड वासून.

"नवीन घेतलेला ना रे?" यज्ञेश बोलला.

"भाई, दोन हजार आठशेचा आहे."

"दिसतंय. तुझ्याआधी त्यालाच भूक लागलीय."

यज्ञेशने रंगूबाईकडून सुतळी मागून घेतली आणि बूट पार्सलसारखा बांधला, उभी-आडवी गाठ मारून. तेवढ्यात बाकीचे पुढे निघाले. प्रफुल्लने वरून शिट्टी मारली, यज्ञेशने खालून शिट्टीनेच उत्तर दिलं. गावातून निघताना मोजायचं असतं. ते राहिलं. आता खिंडीत मोजू, असा विचार करून तो नीलला घेऊन चालू लागला.

खिंडीत सगळे कातळाला पाठ टेकून बसलेले. पायऱ्या अरुंद, वरून पाण्याने शेवाळलेल्या, म्हणून प्रफुल्ल एकटा पुढे जाऊन दोर लावत होता. यज्ञेश एका दगडावर चढला आणि बोट फिरवत पोपटी रंग मोजला. मध्ये नाकात सुक्या बोंबलाचा वास शिरला. दुसरा कोणी असता तर त्याने विचारलं असतं, इथे बोंबील कुठून? पण कोपरच्या पोराला हा वास म्हणजे घरातली हवा. त्याला वाटलं, आपल्याच डब्याचा.

वीस, एकवीस, बावीस.

खिंडीत रेंज असते. प्रफुल्लचा फोन आला.

"काउंट?"

"बावीस."

"बावीस?"

"बावीस, पूर्ण."

"नीट मोजलंस?"

"दोनदा मोजलं." मोजलेलं एकदाच. पण एवढं तर कोणीही बोलतो.

"ठीक आहे. एकेक करून पाठव वर."

एकेक जण चढू लागला. निम्मे वर गेल्यावर दर ट्रेकला येणारी दक्षता उठली, तिच्यामागे एक पोपटी टीशर्टवाला. दक्षता त्याला चिक्की देत होती, तो नको नको म्हणत घेत होता. तो वळला आणि यज्ञेशला त्याची पाठ दिसली. साल गेल्या वर्षीचं. पायात काही नाही. खांद्यावर पिशवी, पिशवीतून बोंबलाची शेपटं बाहेर.

"ओ, तुम्ही कोण?"

"मी जगन. आंबेमाळचा." माणूस हसला. "भैनीकडं चाललोय वर, पठारावं. तिला सुकं लागतं."

"आणि हा टीशर्ट?"

"तुमीच तर दिला गेल्या साली. इसरला का?"

दक्षता खूप हसली. "यज्ञेश, ग्रुपमध्ये घे रे यांना. आपल्यापेक्षा भारी चढतात."

यज्ञेश पण हसला. तोंडाने. मनात मात्र हिशोब चालू झाला. बावीसमधून जगन गेला तर एकवीस. एक माणूस नाही. आणि आपण फोनवर पूर्ण सांगितलंय, दोनदा मोजलं म्हणून सांगितलंय.

फोन हातातच होता. रेंज होती, दोन दांड्या. प्रफुल्लचा नियम सगळ्यांना पाठ होता. आकडा चुकला तर चालतं, माणूस आहे. चुकलेला आकडा लपवला तर त्या माणसाने परत येऊ नये. दुसऱ्या एका ग्रुपमध्ये टेलवाला तासभर गप्प राहिलेला आणि एक मुलगा रात्रभर दरीत अडकलेला, तेव्हापासूनचा तो नियम.

यज्ञेशने फोन खिशात टाकला. आंबेमाळपर्यंत पळत वीस मिनिटं. माणूस वाटेत कुठेतरी असेल. सू-सूला गेला असेल, फोटो काढत बसला असेल. घेऊन येऊ. कोणाला कळायचं कारण नाही. पुढचा महिना हातात राहील.

"नील, तू शेवटी चढ. माझी बाटली राहिली खाली, आणतो."

"अरे, माझी घे ना."

"तुझी प्लास्टिकची आहे," यज्ञेश काहीही बोलला आणि सुटला.

चढताना जी वाट नीट वाटलेली तीच उतरताना सगळीकडून उघडी दिसायला लागली. डाव्या हाताला दरी. करवंदीच्या जाळीत कोणी घसरलं तर वरून दिसणार नाही, हे त्याला आधी कधी सुचलं नव्हतं. एका वळणावर पाण्याचं जुनं टाकं, काठ गुळगुळीत. त्याने वाकून बघितलं. पाणी हिरवं, त्यात त्याचंच डोकं.

हाक मारायची तर काय मारायची? कोण राहिलंय ते माहीत नाही. बावीस तोंडं आठवायला लागला तर चौदा आठवली. बाकीचे नुसते टीशर्ट. दोन वर्षं तो माणसं मोजत होता आणि त्याला रंग पाठ झालेला, माणसं नाही.

"ओ! ओऽऽ!" तो ओरडला. समोरच्या डोंगराने तेवढंच परत केलं.

आंबेमाळ आलं तेव्हा शर्ट भिजलेला. रंगूबाईच्या पडवीत सुमतीताई भिंतीला टेकून बसलेल्या, पाय लांब करून, पुढ्यात सुपात वाल. ठाण्याच्या कोर्टात तीस-बत्तीस वर्षं रेकॉर्ड सांभाळून रिटायर झालेल्या बाई. निवांत वाल निवडत होत्या.

"अगंबाई, यज्ञेश? काय राहिलं तुझं?"

"तुम्ही," तो धापा टाकत बोलला. "तुम्ही राहिलात."

"राहिले कशाला? प्रफुल्लला सांगून बसले आहे. गुडघा कुरकुर करायला लागला. म्हटलं, तुम्ही जाऊन या, मी इथेच थांबते. तू त्या मुलाचा बूट बांधत होतास तेव्हा. मग आत जाऊन जरा आडवी झाले होते. का, तुला त्यांनी सांगितलं नाही?"

यज्ञेश पडवीच्या कडेला बसला. रंगूबाईने पाण्याचा तांब्या पुढे केला, तो त्याने तोंडाला लावला आणि बराच वेळ काढला नाही.

म्हणजे प्रफुल्लला माहीत होतं. खिंडीत एकवीसच माणसं असणार हे त्याला पक्कं माहीत होतं. बावीस ऐकून त्याने बावीस असं परत विचारलं. नीट मोजलंस का असंही विचारलं. दोनदा जागा दिली. आणि आपण दोन्ही वेळा मान ताठ.

"काय झालं रे?" सुमतीताईंनी विचारलं. "रंग का उडालाय?"

आता एक गोष्ट फार सोपी होती. वर जायचं आणि सांगायचं, मोजताना घोळ झाला, लगेच लक्षात आलं, लगेच पळालो. लगेच हा शब्द कोण तपासायला बसलंय.

"रेंज कुठे येते इथे?" त्याने रंगूबाईला विचारलं.

"त्या गोठ्याच्या कोपऱ्याला उभं ऱ्हा. म्हशीला हात लावू नको, मारती."

तो गोठ्याच्या कोपऱ्याला उभा राहिला. म्हैस त्याच्याकडे बघत राहिली. पहिल्या रिंगला फोन उचलला.

"प्रफुल्लदादा, एकवीस होते. बाविसावा आंबेमाळचा जगन. आपला जुना टीशर्ट."

"हां." आवाजात काहीच नव्हतं. "आहेस कुठे?"

"आंबेमाळला. सुमतीताई आहेत इथे."

"कळलं कधी तुला?"

यज्ञेशने म्हशीकडे बघितलं.

"खिंडीतच. जगन उठला तेव्हाच. अर्धा तास झाला. रेंज होती. मी फोन नाही केला. आणि मोजलेलं पण एकदाच."

पलीकडे वारा ऐकू येत होता आणि मागे कोणीतरी सेल्फीसाठी सगळ्यांना जवळ बोलावत होतं.

"का नाही केलास?"

"पुढच्या महिन्यासाठी."

प्रफुल्ल त्या गलक्यापासून बाजूला झाला. मग बोलला, "खरं सांगू? मी पण चुकलो. ताई बसल्यात हे तुला सांगायला हवं होतं. सांगायलाच फोन लावलेला. तू बावीस बोललास, मग म्हटलं बघू, स्वतःहून बोलतो का."

"मी दरीत बघत आलो रे दादा. टाक्यात बघितलं."

"माहितीय. नील बोलला, तू बाटलीसाठी पळालास. बाटली तुझ्या बॅगेला लटकलेली असते. तू दरीत बघत गेलास, ती चूक माझी. पण पुढचा महिना दक्षता लीड करेल."

"आणि मी?"

"तू टेल. यायचं असेल तर."

"नियम काय आहे, परत यायचं नाही ना?"

"लपवणाऱ्याने. तू सांगितलंस. उशिरा सांगितलंस, म्हणून मागे." फोन बंद झाला.

वर जाण्यात आता अर्थ नव्हता, ते लोक तासाभरात उतरणारच होते. यज्ञेश परत पडवीत आला. राग कोणाचा करायचा ते त्याला ठरवता येईना. अर्धा प्रफुल्लचा, अर्धा स्वतःचा, थोडा त्या पोपटी रंगाचा. मग तो सुमतीताईंच्या समोर बसला आणि सुपातले वाल निवडायला लागला.

"बावीस जणांची नावं माहीत आहेत तुम्हाला?" त्याने विचारलं.

"बसमध्ये बऱ्यापैकी कळली. सवय आहे, फायली आणि नावं. का?"

"सांगा ना. मला आठ माहीत नाहीत."

सुमतीताईंनी चष्मा वर केला, त्याच्याकडे नीट बघितलं, पण कारण विचारलं नाही. "लिहून घेणार की पाठ करणार?"

"पाठ."

"मग ऐक. माझ्या शेजारी बसलेली ती मेघाली, दिव्याची. नर्सिंग शिकते, गाडी लागते तिला. पुढे तो उंच, चष्मेवाला, सारखा बिस्किटं खाणारा, तो साईनाथ..."

"मेघाली, दिवा. साईनाथ, बिस्किटं," यज्ञेश पुटपुटला.

रंगूबाई आतून बाहेर आली, सुपात डोकावली आणि ओरडली, "आरं पोरा, किडकं तिकडं टाक, चांगलं फेकतोस नि काय! ऱ्हाऊ दे, ऱ्हाऊ दे, नावंच घोक तू."