गाऊनमधली कुमुद

उटे आली ती लॅपटॉप घेऊनच. जानेवारीत ती शारजाच्या रोल्ला भागातल्या या फ्लॅटवर रोज यायची, तेव्हा दार कुमुद उघडायची. आता तिच्या नवऱ्याने, उल्हासने उघडलं. चहा ठेवतो म्हणून तो आत गेला, गॅस पेटवला, बंद केला आणि तसाच परत आला.

उटे जर्मन. गेली तीसेक वर्षं ती कलाकारांवर माहितीपट करत होती. लाइपझिगचा लाकडी बाहुल्या कोरणारा, नॉर्वेच्या बेटावर गोधड्या शिवणारी, देवळाच्या घंटा ओतणारा एक म्हातारा. नावाजलेल्यांकडे ती फिरकायची नाही. त्यामुळे पैसा आला नाही आणि नवराही टिकला नाही, असं तिनेच हसत कुमुदला सांगितलं होतं. उटेच्या आजोळी काचेच्या मागच्या बाजूने ख्रिस्ती संतांची चित्रं रंगवत. शारजाच्या एका प्रदर्शनात तिला कुमुदच्या काचा दिसल्या. तसंच काम, पण चित्रात खाडीतल्या अब्रा होड्या, दुबईच्या मीना बाजारातल्या बायका, केरळी चहावाला. कुमुद हे मिरजेत वडिलांकडे शिकलेली. यात सगळा क्रम उलटा. आधी डोळ्यातला पांढरा ठिपका, मग बुबुळ, मग चेहरा, शेवटी आभाळ. चुकलं तर काच फुकट.

पहिल्या दिवशी घराने पाहुणा येतो तशी तयारी केली. उल्हासने रंगाच्या बाटल्या कपाटात कोंबल्या, जमिनीवरची वर्तमानपत्रं उचलली. कुमुद मोरपंखी इरकल नेसून सोफ्यावर बसली. उटेने पोहे खाल्ले आणि कॅमेरा चालवला. दुसऱ्या दिवशी तेच, फक्त उपमा. उटे तिसऱ्या दिवशीही आली. घर पाहुणचाराला कंटाळेपर्यंत येत राहायचं, हीच तिची पद्धत. शेवटी कुमुद कंटाळलीच. ऑर्डरच्या काचा पडून आहेत म्हणाली, गाऊन चढवला आणि फतकल मारून कामाला बसली. उल्हास त्या दिवसांत अबुधाबीच्या साइटवर एसीचे डक्ट बसवून घेत होता.

फेब्रुवारीत कुमुद गेली. दुपारी आडवी झाली ती उठलीच नाही.

उटेचा एक नियम होता. फिल्म आधी कलाकाराने बघायची आणि तो म्हणेल ते कापायचं. आता त्या जागी उल्हास होता. शनिवारी अबुधाबीत पहिला खेळ. इथल्या मराठी मंडळातली सगळी माणसं येणार होती, आणि मिरजेहून खास त्यासाठी कुमुदची थोरली बहीण अर्चनाताई.

फिल्म सुरू झाली आणि उल्हास खुर्चीतून उठलाच. गाऊन, कोपरापर्यंत रंग, केस क्लिपने वर टाकलेले, तोंडात ब्रश. दारावर गॅसवाला आला तरी आधी ओढणी शोधणारी बाई.

हे सगळं काढा, तो म्हणाला. साडीतलं ठेवा.

"बाबा, इट्स जस्ट अ गाऊन," पर्णिका म्हणाली. ती त्याची मुलगी, दुबईत नोकरीला.

"तुझ्या आईचा आहे तो. लोक काय बघणार, चित्र की ती?"

"आई स्वतः बसली ना कॅमेऱ्यासमोर? शी वॉज फाइन."

तो बाल्कनीत गेला. खाली कोणीतरी हॉर्न दाबूनच धरला होता. तो आत आला, पंखा वाढवला, पुन्हा कमी केला.

उटे वाद घालत बसली नाही. घंटावाल्याच्या मुलांनी बापाच्या शिव्या काढायला लावल्या होत्या, असं तिने सांगितलं. तिने काढल्या. मग फिल्ममध्ये म्हातारा उरला तो भिंतीवरच्या फोटोसारखा. पण दिलेला शब्द म्हणजे शब्द. तिने तिथेच बसून गाऊनमधले तुकडे बाजूला केले आणि राहिलेलं लावलं.

कुमुद सोफ्यावर. छान दिसत होती. वडिलांबद्दल बोलली, कॅमेऱ्यामागच्या उटेला बशी पुढे करून घ्या ना म्हणाली, मग नुसती बसून राहिली. उल्हास वाट बघत होता. बशी पुन्हा पुढे आली.

"काम कधी करते?" त्याने विचारलं.

"गाऊनमध्ये," उटे म्हणाली.

तो स्वयंपाकघरापर्यंत गेला आणि परतला. मग म्हणाला, आधीचं लावा. या खेपेला तो उभ्यानेच बघत राहिला. काचेवर ठिपका ठेवताना कुमुदचा खांदा किंचित वर जायचा. ब्रश उचलला की ती स्वतःशीच काहीतरी पुटपुटायची, आणि कधी हसायची. घरी आल्यावर तो फक्त झालेलं चित्र बघून छान म्हणायचा. हे त्याला माहीतच नव्हतं.

"राहू दे," तो म्हणाला. "सगळं राहू दे."

पर्णिकाने त्याच्या हातावर हात ठेवला. त्याने हात सोडवून घेतला आणि फोन उचलला. अर्चनाताईंना थिएटरमध्ये कळायला नको होतं.

"ताई, आधीच सांगून ठेवतो. सिनेमात कुमुद गाऊनमध्ये आहे. जवळजवळ पूर्ण वेळ."

"आणि तुम्ही हो म्हणालात?"

"म्हणालो."

"उल्हासराव, चारचौघांत माझ्या बहिणीला तसं बघायचं मी? मग मी कशाला येऊ?"

तो खोलीभर फिरत होता. 

"साडीत ती काम करत नाही हो, ताई. नुसती पोहे देते. तुम्ही या. माझ्या शेजारी बसा, आणि नाही बघवलं तर आपण दोघंही उठू."

 ताईंनी विमानतळावर घ्यायला कोण येणार ते विचारलं. मीच, तो म्हणाला. फोन ठेवल्यावरही तो बसला नाही.