पहिलारू गाईच्या गळ्यातले दावे

मित्रांनो, मी एक जुने दावे आहे. गाईला गव्हाणीशी बांधतात ना, ती दोरी. आता माझे दोन तुकडे झाले आहेत आणि मी गोठ्यातल्या खुंटीला लटकून असते.

या घरच्या थोरल्या सुनेला सगळे वहिनी म्हणतात. तिच्या सासऱ्यांनी मला अंगणात बसून वळले. पीळ इतका घट्ट, की उधळलेल्या बैलालाही मी कधी दाद दिली नाही. "दावं असावं तर असं," म्हणत ते आल्यागेल्याला मला ओढून दाखवत. मी अगदी फुगून जाई.

सासरे गेले आणि मी अडगळीत पडले. बऱ्याच वर्षांनी वहिनींनी भुरी नावाची कालवड आणली, तेव्हा कुठे मला पुन्हा उजेड दिसला. यथावकाश भुरी गाभण राहिली. ती पहिलारू होती, म्हणजे हे तिचे पहिलेच वेत. गुरांच्या डॉक्टरांनी तिला तीन आठवड्यांच्या अंतराने दोनदा कृत्रिम रेतन केले होते. वहिनींच्या धाकट्या दिराने, म्हणजे भाऊजींनी, दुसऱ्या वेळेपासून नऊ महिने आणि वर थोडे दिवस असा हिशेब धरला. त्याप्रमाणे अजून तीन आठवडे बाकी होते.

पण मी तिच्या गळ्यात होते. तिचे चारा खाणे मंदावले होते. कास तटतटली होती. ती सारखी मागे वळून पोटाकडे पाही आणि मी ताणले जाई. माझा जीव टांगणीला लागला होता.

वहिनींची आई दवाखान्यात होती. तिला भेटायला निघताना वहिनींनी भुरीच्या शेपटीच्या मुळाशी हात फिरवला.

"भाऊजी, इथे खळगे पडलेत. दिवस भरले की काय हिचे?"

"अजून वेळ आहे, वहिनी. तुम्ही निर्धास्त जा."

वहिनी गेल्या. भुरीने बादली लाथाडली, म्हणून भाऊजींनी मला आखूड बांधले आणि ते मळ्यात पंप दुरुस्त करायला गेले.

थोड्याच वेळात कळा सुरू झाल्या. भुरी धपकन आडवी झाली, पण मान वरच अडकली. मी तिचा गळा आवळू लागले. तिचे डोळे पांढरे झाले. आयुष्यात पहिल्यांदाच मला तुटावेसे वाटले. सासऱ्यांचा पीळ मात्र जराही उकलेना.

तिकडे बसथांब्यावर, हे मला मागाहून कळले, वहिनींच्या मनातून ते खळगे जाईनात. भाऊजी फोन उचलेनात. मग त्यांनी गुरांच्या डॉक्टरांना फोन लावला. ते म्हणाले, "पहिल्याच रेतनाला राहिली असेल, तर आज-उद्याच विणार." वहिनी तशाच माघारी धावल्या. गोठ्यात येताच त्यांनी विळा उचलला आणि दोन घावांत मला कापले. भुरीची मान खाली टेकली. तिने मोठा श्वास घेतला.

वासराचे पुढचे पाय दिसत होते. प्रत्येक कळेबरोबर वहिनींनी ते हलक्या हाताने ओढले. वासरू बाहेर आले, पण हलेना. त्यांनी त्याचे नाक-तोंड पुसले, नाकपुडीत काडी फिरवली, अंग खसाखसा चोळले. अखेर ते शिंकले.

भाऊजी आले ते दारातच थबकले. "पण अजून वेळ होता ना?"

"आपल्या हिशेबाने होता," वहिनी म्हणाल्या. "आता इथून हलू नका. मला आईकडे जायचंय."

भाऊजी भुरीपाशी बसले.

मित्रांनो, मला कापल्याचे दुःख नाही. गाभण गाईची तारीख जरूर काढा, पण तिच्यावरच विसंबू नका. रोज कास पाहा, शेपटीजवळ हात फिरवून पाहा. दिवस जवळ आले, की तिला ऐसपैस जागेत मोकळी सोडा. तिला बोलून सांगता येत नाही. त्या दिवशी मलाही आले नव्हते.