‘बागडणे’ची चिठ्ठी

कोशाच्या कचेरीत शब्द वाटून दिले जात आणि ज्याच्या वाट्याला जो शब्द, त्याची आद्याक्षरं नोंदीच्या कोपऱ्यात कायमची छापली जात. बावीस वर्षं ताई ‘बागडणे’वर डोळा ठेवून होत्या. साहेबांनी तो दिला आठ महिन्यांपूर्वी आलेल्या पोरीला. सगळे तिला चिमणी म्हणत.

“ताई, तुमच्याकडे ‘बाजू’ आहे की! केवढे अर्थ त्याला!” चिमणी म्हणाली.

जळले मेले ते अर्थ. ताईंच्या तळपायाची आग मस्तकात गेली, पण जिभेवर साखर. “असू दे हो. तरुण आहे, बागडेल.”

प्रत्येक शब्दाच्या वापराचे दाखले चिठ्ठ्यांवर टिपून खोक्यात ठेवलेले असत. चिमणी चहाला गेली तशी ताईंनी तिच्या खोक्यातली एक चिठ्ठी उचलून पर्समध्ये टाकली. चिठ्ठी त्यांचीच. तरुणपणी लेंड्यांत उभं राहून एका मेंढपाळाकडून टिपलेली : ‘भुकेलं कोकरू उडी मारतं, पोट भरलेलं बागडतं.’

तीन दिवसांनी चिमणीची नोंद साहेबांपुढे आली : ‘उड्या मारणे. व्युत्पत्ती अनिश्चित.’

“उगम सापडत नाही, समजलं. पण अर्थ? बेडूकही उड्या मारतो. तो काय बागडतो?”

सगळी खोली हसली. ताई जरा जास्तच.

“ताई, हा शब्द आता तुम्हीच घ्या.”

ताईंना आभाळ ठेंगणं झालं. लेखणी उचलली आणि हात थांबला. नोंदीतल्या अर्थाला आधाराची चिठ्ठी टाचावीच लागे, उडीपलीकडचा अर्थ सांगणारी ती एकच होती, आणि खोक्यावरच्या यादीत त्या चिठ्ठीपुढे चिमणीने लिहून ठेवलं होतं, ‘सापडली नाही’. लावली तर चोरी उघडी. न लावली तर बेडूक ताईंच्या नावावर.

तेवढ्यात चिमणी शेजारी येऊन बसली. “बरं झालं तुम्हाला मिळाला. मी सगळी कपाटं पालथी घातली हो त्या चिठ्ठीसाठी. रडलेसुद्धा.”

रडतानाही गोडच दिसली असणार भवानी! ताईंनी पर्स उघडली, चिठ्ठी तिच्यापुढे आपटली. “घे. मीच घेतली होती. जा, सांग साहेबांना.”

चिमणी वाचत राहिली. “किती छान आहे... पण का, ताई?”

“का म्हणजे? जळले तुझ्यावर. ‘जळणे’ची नोंद माझीच आहे, बघ हवं तर. आता लिही. अक्षरं तुझीच घाल.”

“आणि साहेबांना?”

“त्यांना मी सांगते. तू लिही आधी.”

चिमणीची लेखणी भराभरा चालू लागली. ताईंनी ‘बाजू’ पुढे ओढला, पण दर दोन मिनिटांनी मान लांब करून बघत होत्या, काय लिहितेय मेली!