अठराव्या खड्ड्यावरचा झेंडा

मी एक जुना झेंडा आहे. देशाचा नव्हे, देवाचाही नव्हे. मित्रांनो, गोट्या खेळताना तुम्ही मातीत खड्डा करता ना, तसल्या एका खड्ड्याचा मी झेंडा. हसू नका. तो खड्डा मोठ्या माणसांना लांबून दिसावा, एवढ्याचसाठी मला जन्माला घातले.

कुठल्याशा कारखान्यात साच्यातून पांढरा दांडा निघाला, त्याला लाल फडके बांधले, झालो मी. मग मला आणे पठारावर आणले. तिथल्या गायरानात पंखे बनवणाऱ्या एका कंपनीने गोल्फची स्पर्धा भरवायचे ठरवले होते. हौशी लोकांची नव्हे, खेळावरच पोट भरणाऱ्या पक्क्या खेळाडूंची. नाव काय, तर ‘पठार खुली स्पर्धा’.

खडकावर ट्रकने माती ओतली. बाहेरचे नाजूक गवत लावले. ते सुकू नये म्हणून पाझर तलावाला पंप बसवला. सगळा माळ करपलेला आणि मधे हे लाडावलेले हिरवे! मग एकाच हातात मोजा घातलेले खेळाडू आले. चेंडू मारायचा, त्याच्यामागे चालत जायचे, पुन्हा मारायचा. मागून एक माणूस त्यांच्या काठ्यांची पिशवी वाहणार. चार दिवस हेच. मी शेवटच्या, अठराव्या खड्ड्यात उभा, म्हणून सगळे फोटो माझ्याजवळ निघत. “झेंडा काय सुंदर फडकतोय!” असे म्हणत. वारा पठाराचा, कौतुक माझे. त्यांची अक्कल इथपर्यंतच.

शेवटच्या दिवशी एक नावाजलेला खेळाडू हातभर अंतरावरून चेंडू खड्ड्यात घालायला वाकला. लोक श्वास रोखून उभे. तेवढ्यात पठारावरच्या मेंढपाळ नंदाच्या मेंढ्या रोजच्या वाटेने तलावाकडे निघाल्या आणि त्यातली एक ओरडली. चेंडू खड्ड्याला वळसा घालून पुढे गेला. खेळाडूने काठी आपटून मेंढीकडे बोट दाखवले. साहेब, म्हणजे स्पर्धा भरवणारा, धावत आला.

“बाई, आवरा यांना! मॅच चालू आहे!”

“तान्हेल्या मेंढराला कसं सांगू साहेब, मॅच हाय म्हणून?” नंदा म्हणाली.

तिची सासू बाळाबाई मागेच होती. “आन् हातभरावरचं भोक घावंना व्हय त्याला? माझा नातू रांगत गेला आसता!”

पुढच्या वर्षी कुंपण आले. फाटक आले, फाटकाला कुलूप आले. तलाव कुंपणाच्या आत गेला. “स्पर्धेपुरतंच हं,” साहेब म्हणाला. स्पर्धा संपली, पण गवत तुडवले जाईल म्हणून कुलूप काही निघाले नाही. नंदा मेंढ्या घेऊन पार खालच्या ओढ्यावर जाऊ लागली. जाण्यायेण्यात दिवस मोडायचा. उन्हाच्या तडाख्यात कोकरे वाटेतच बसायची. एकदा दोन कोकरे तिने खांद्यावर आणली. घरी पोचेपर्यंत एकच जिवंत होते. त्याच दिवशी इकडे माझ्या पायाशी पाण्याचे फवारे उडत होते.

अशा चार स्पर्धा झाल्या. मग कंपनीला क्रिकेट आवडू लागले आणि गोल्फ बंद. तंबू गेले, पंप गेला, साहेब गेला. त्या लाडक्या गवताने एका उन्हाळ्यात मान टाकली. मला न्यायचे कुणाच्या ध्यानातही आले नाही. राहिले कुंपण, आणि राहिला रखवालदार चिमाजी. पगार थांबला होता, पण शिट्टी गळ्यातच.

“चिमाजी भाऊ, आता तरी उघड. खेळ मोडला,” नंदा विनवायची.

“साहेबाचा निरोप न्हाई.”

“साहेब हाय कुठं?”

“त्येच कळंना. मंग कुणाला इचारून उघडू?”

साहेबाचा मला रागही येत नसे, तेवढीही त्याची लायकी नव्हती. पण चिमाजीपुढे मी हात टेकले. रोज सकाळी तो मला सरळ करायचा, जणू दुपारी खेळाडू येणार आहेत!

मित्रांनो, आमच्याकडे पेरणीच्या आधी शेतकरी रानात मेंढ्या बसवून घेतात. जाळी लावून कळप रात्रभर शेतात ठेवायचा. लेंड्यांचे खत पडते आणि पीक जोमात येते. मोबदल्यात मेंढपाळाला धान्य मिळते. त्या वैशाखात चिमाजी नंदाकडे गेला, येताना तिला रान दाखवायला घेऊनच आला. दोघे फाटकाशी थांबले.

“यंदा माझ्या रानात बसव की मेंढरं. बाजरी लई खुरटी येतीया.”

“बसवते. धान्य बी नको मला,” नंदा म्हणाली. “पर भाऊ, तुझं रान तळ्याच्या पल्याड. त्याच्या मागं कडा. मेंढरं न्यायची कुठनं?”

“कुठनं म्हंजी? मी जातो तिथनं…” चिमाजी बोलता बोलता थांबला. तो जायचा या फाटकातून.

त्याने गळ्यातली शिट्टी चाचपली. “साहेबानं इचारलं तर?”

मेंढ्या घेऊन मागून आलेली बाळाबाई म्हणाली, “म्हणावं, खेळाडू आल्यात. ह्या बऱ्या, काठ्या आपटत न्हाईत.”

गंजलेल्या कुलपात किल्ली फिरेना. शेवटी चिमाजीनेच दगड घातला. मेंढ्या माझ्या शेजारून, खड्ड्यावरून, त्या थोर हिरवळीच्या उरलेल्या काड्यांवरून सुटल्या त्या थेट पाण्यावर. कोकरांनी गुडघे टेकून तोंडे बुडवली. नंदा तोंड फिरवून उभी राहिली, पदराने डोळे पुसत.

“आता मोडकं कुलूप लावायचं कसं?” चिमाजी म्हणाला. त्याच्या चेहऱ्यावर सुटका दिसत होती.

सांजेला नंदाने मला उपटले, फडके काढून टाकले आणि चिमाजीच्या रानात जाळीच्या कोपऱ्याला रोवले. एक म्हातारी मेंढी येऊन माझ्यावर अंग घासू लागली. तिने फोटो काढला नाही.

मित्रांनो, माझी निगा राखा असे मी म्हणणार नाही. दांडा आहे मी, चालेल माझे. पण तुमच्या गावात कुणी काही थाटामाटाने भरवले, तर हवे तर टाळ्या वाजवा, मात्र ते सामान बांधू लागले की गाडीपुढे उभे राहा आणि म्हणा, “साहेब, आधी कुलूप काढा.”