हा घास व्हीसीआरचा

मित्रांनो, माळ्यावर पितळी परातीखाली दबलेला काळा डबा दिसतोय ना, तो मी. मी एक जुना व्हीसीआर आहे. माझ्या तोंडात कॅसेट सरकवली की टीव्हीवर सिनेमा सुरू व्हायचा. असा माझा थाट होता!

माझा जन्म परदेशातल्या कारखान्यात झाला, पण शहाणपण आलं ते विरारच्या मनवेलपाड्यात, एका चाळीत. प्रल्हादने मला आणलं ते बायकोसाठी, सुहासिनीसाठी. विघ्नेश झाल्यापासून त्या बिचारीने एकाही सिनेमाचा शेवट पाहिला नव्हता. थेटरात विघ्नेशने भोकाड पसरलं की मागून कोणीतरी ओरडायचं, "ओ ताई, पोराला बाहेर न्या!" मग उरलेला सिनेमा ती दाराबाहेर पोराला थोपटत नुसता ऐकायची.

मी आलो आणि रविवारी दुपारी आमच्या खोलीत लेकुरवाळ्यांचं थेटर भरू लागलं. शेजारची संपदा आपल्या लेकीला छताच्या कडीला टांगलेल्या झोळीत घालायची. दोरी हातात, डोळे टीव्हीवर. नायिका रडली की सगळी बाळं सुरात सूर मिसळून रडायची. गाणं लागलं की ज्यांना उभं राहता येई ती टेबल धरून ढुंगण हलवत नाचायची. पण त्यांचा खरा लाडका भाग म्हणजे मी कॅसेट उलटी फिरवायचो तो. माणसं उलटी पळताना पाहून सगळी खिदळायची. मला फार आवडायचं ते.

एका रविवारी सिनेमा थेट कोर्टापर्यंत पोचला. साक्षीदार आता खऱ्या खुन्याचं नाव सांगणार! सुहासिनी विघ्नेशला वरणभात भरवत होती. "हा घास चिऊचा, हा घास काऊचा..." पण डोळे टीव्हीवर आणि घास हवेतच. विघ्नेशने ताटलीतला मूठभर भात उचलला, दुडुदुडु माझ्यापाशी आला, माझी झडप ढकलली आणि म्हणाला, "आ कल!"

आणि भरवला की मला! वर तुपाची धार असलेला वरणभात. माझ्या पोटात खरखर झाली, पडद्यावर रेघा आल्या आणि सगळं बंद पडलं.

सुहासिनीच्या डोळ्यांत टचकन पाणी आलं. "आजपण शेवट नाहीच!"

"रडतेस काय?" संपदा म्हणाली. "तूच सांग ना, कोणी केला खून ते. आम्हाला पण शेवट बघायचाय."

सुहासिनीने नाक पुसलं, पदर खोचला, हातात उलथनं घेतलं आणि ती वकील झाली. मग खुनी झाली, मग न्यायाधीश. "हे कोर्ट तुला अख्ख्या चाळीची भांडी घासायची शिक्षा देत आहे!" कधी एका जागी न बसणारी पोरं आ वासून बघत राहिली.

तुळिंजच्या दुरुस्तीवाल्याने माझ्या पोटातून वाळकी शितं काढली. "वहिनी, याला जेवायला कोणी वाढलं?" तो हसत सुटला. मग पुढच्या रविवारी एकदाचा खरा शेवट दिसला. खुनी सापडला, बेड्या पडल्या. सुहासिनीने समाधानाने सुस्कारा सोडला. इतक्यात विघ्नेशने माझ्याकडे पाठ फिरवली, स्वयंपाकघरातून उलथनं आणलं आणि तिच्या हातात दिलं.

"आई, तू कल."

पुढे सीडी आल्या आणि मी माळ्यावर आलो. अंगावर धूळ बसते, वाईट वाटतं. मित्रांनो, यंत्रांना जपा, त्यांना जेवू घालू नका. आणि या म्हाताऱ्याचं एवढं ऐका. घरात सिनेमा रंगात आला असेल आणि आई रडत्या बाळाला घेऊन उठायला लागली, तर बाळ तुम्ही घ्या. तिला शेवट बघू द्या.